पासबुकातील अनोळखी नोंद

(पंचायत समितीच्या सभागृहात शिक्षक, ग्रामपंचायत सदस्य व तालुक्यातील अधिकारी यांच्या बैठकीत केलेल्या भाषणाचा मजकूर)



आजचा विषय जाहीर झाला तेव्हा मागील बाकांवर जी कुजबुज झाली ती माझ्या कानी आली. बँकेच्या विषयावर बोलावयास माहिती खात्याचा अधिकारी कशाला, अशी ती शंका होती आणि ती रास्तच आहे. मी कला शाखेचा पदवीधर. गणित या विषयाशी माझे शालान्त परीक्षेनंतर फारसे सख्य राहिले नाही. शासकीय योजनांची माहिती गावोगावी पोचविणे हे माझे काम. परंतु गेल्या काही वर्षांत असे झाले आहे की, योजना कोणतीही असो, तिची अखेर बँकेच्या पासबुकात होते. अनुदान तेथेच येते, विम्याचा हप्ता तेथूनच जातो, शिष्यवृत्ती तेथेच जमा होते. त्यामुळे सभा संपली की लोक मजजवळ योजनेचे माहितीपत्रक मागण्याऐवजी पासबुक पुढे करतात आणि एका ओळीवर बोट ठेवून विचारतात, "साहेब, हे कशाचे कापले?"

या प्रश्नाला आपल्याकडे एक ठरलेले उत्तर आहे. चहाच्या टपरीवर, पारावर, कधी कधी शिक्षकांच्या खोलीतसुद्धा ते ऐकावयास मिळते : "बँक कापतच असते." या तीन शब्दांनी एका कुटुंबाचे किती नुकसान झाले हे मी जवळून पाहिले आहे. तेवढी हकीकत आधी सांगतो.

आमच्याच जिल्ह्यातील एका गावचे हे गृहस्थ ऊसतोडीस जाणारे, वय चाळिशीच्या आतबाहेर. त्यांनी बचत खाते उघडताना प्रधानमंत्री जीवन ज्योती आणि प्रधानमंत्री सुरक्षा या दोन्ही विमा योजनांच्या अर्जांवर सही केली होती. पहिल्या योजनेत कोणत्याही कारणाने मृत्यू आल्यास वारसास २ लाख रुपये मिळतात. दुसरी केवळ अपघातापुरती आहे. २०१५ मध्ये या योजना सुरू झाल्या तेव्हा वार्षिक हप्ते अनुक्रमे ३३० आणि १२ रुपये होते. १ जून २०२२ पासून ते ४३६ आणि २० रुपये झाले. विम्याचे वर्ष १ जून ते ३१ मे असे चालते आणि पुढील वर्षाचा हप्ता मे महिन्याच्या अखेरच्या आठवड्यात खात्यातून आपोआप वळता होतो.

२०२५ च्या मे महिन्यात या गृहस्थांच्या खात्यात ४४७ रुपये ५० पैसे होते. म्हणजे हप्त्यापुरते होते. हंगाम आटोपून गावी आल्यावर त्यांनी त्या महिन्यात दुसऱ्या बँकेच्या एटीएमवर दोनशे-तीनशे रुपये असे थोडेथोडे पैसे काढले होते, मध्येच दोनदा नुसती शिल्लक पाहिली होती. महानगरांबाहेर दुसऱ्या बँकेच्या एटीएमवर महिन्यातून पाच व्यवहार विनाशुल्क असतात. पण नुसती शिल्लक पाहणे हासुद्धा त्या पाचांत मोजला जाणारा व्यवहार आहे, हे त्यांना कोणी सांगितले नव्हते. सहाव्या व्यवहाराचे शुल्क २७ रुपये १४ पैसे खात्यास नावे पडले. शिल्लक राहिली ४२० रुपये ३६ पैसे. अपघात विम्याचे २० रुपये गेले, ४३६ मात्र गेले नाहीत. तूट अवघी १५ रुपये ६४ पैशांची होती.

जून महिन्यात त्यांनी पासबुक छापून घेतले. २७ रुपये १४ पैशांची नोंद त्यांना दिसली, त्यांनी ती दोघातिघांना दाखविलीही. उत्तर मिळाले, "बँक कापतच असते." त्या दिवशी कोणी ती ओळ उलगडून सांगितली असती, तर तिच्याखाली दरवर्षी दिसणारी ४३६ ची ओळ यंदा नाही हेही ध्यानात आले असते, हप्ता भरून योजनेत पुन्हा सामील होता आले असते. ऑगस्टमध्ये ते गृहस्थ तापाने गेले. त्यांच्या पत्नी पासबुक घेऊन आल्या त्या २७ रुपयांची चौकशी करावयास. त्यांना ४३६ ची गोष्ट ठाऊकच नव्हती. ती मला सांगावी लागली.

मी बँकेला दोष देत नाही. शुल्क नियमाप्रमाणे होते, हप्ता न जाण्याचे कारणही नियमाप्रमाणेच होते. पण सुशिक्षित म्हणविणारी आपण मंडळी त्या गावात होतो, एवढे मात्र मला विसरता येत नाही. म्हणून आज मी आपणापुढे उभा आहे.

आता ओळखण्याच्या पद्धतीकडे येतो.

पासबुकातील वजावटीच्या नोंदी पाहताना मी प्रथम रकमेकडे पाहतो, मजकुराकडे नंतर. रक्कम पैशांत तुटलेली असेल, तर ते बहुधा बँकेचे सेवाशुल्क असते. १ जुलै २०१७ पासून बँकेच्या सेवांवर १८ टक्के वस्तू व सेवा कर आहे. मूळ शुल्क पूर्ण रुपयांत असते, कर मिळविला की ते तुटते. तेव्हा रकमेला १०० ने गुणावे आणि ११८ ने भागावे. उत्तर पूर्णांकात आले की समजावे, हे शुल्क आहे. १७ रुपये ७० पैसे म्हणजे मूळचे १५ रुपये. ही रक्कम पुष्कळ खात्यांवर संदेशसेवेसाठी तिमाहीस दिसत आली आहे. २७ रुपये १४ पैसे म्हणजे मूळचे २३ रुपये. १ मे २०२५ पासून एटीएमच्या जादा व्यवहाराची कमाल मर्यादा हीच आहे. २९५ म्हणजे २५०, ५९० म्हणजे ५००. या रकमा बहुधा धनादेश वा हप्ता न वटल्याच्या दंडाच्या असतात. वस्तुतः सातवीच्या मुलाला हे गणित देता येईल. शिक्षक बंधूंनी ते अवश्य द्यावे; मुले घरी जाऊन आपल्या आजीचे पासबुक तपासतील. काही बँका शुल्क आणि कर अशा दोन वेगळ्या ओळी छापतात, तेव्हा दोहोंची बेरीज करून पाहावी.

रक्कम पूर्ण रुपयांत असेल आणि ठरावीक काळाने पुन्हा पुन्हा येत असेल, तर कोठेतरी आपली संमती दिलेली आहे, असे धरून चालावे. वर्षातून एकदा ४३६ वा २० म्हणजे वर सांगितलेला विमा. वर्षाच्या मध्यावर सामील झालेल्यांना पहिल्या खेपेस ३४२, २२८ किंवा ११४ असा कमी हप्ता पडतो. त्या रकमा पाहून पुष्कळ लोक गोंधळतात. दरमहा वा तिमाहीस जाणारी ठरावीक रक्कम अटल पेन्शन योजनेची असू शकते. अठराव्या वर्षी सामील झालेल्यास ५ हजारांच्या निवृत्तिवेतनासाठी दरमहा २१० रुपये भरावे लागतात, पंचविसाव्या वर्षी सामील झालेल्यास ३७६. पीककर्जाच्या खात्यावर हंगामाच्या तोंडाशी पीक विम्याचा हप्ता पडतो. २०२० च्या खरिपापासून कर्जदार शेतकऱ्यासही हा विमा ऐच्छिक आहे. पण नको असेल तर अंतिम मुदतीच्या सात दिवस आधी तसे बँकेस लेखी कळवावे लागते. न कळविल्यास हप्ता जातो आणि मग आपण म्हणतो, बँक कापतच असते.

येथे एक गोष्ट आग्रहाने सांगावयाची आहे. अशा हप्त्याची नोंद अनोळखी वाटली, म्हणून रागाच्या भरात ती बंद करण्याचा अर्ज देऊ नये. आधी चौकशी करावी. घरातील कर्त्या माणसाने कोणत्या कागदावर सही केली होती हे घरच्यांना ठाऊक नसते, आणि जी ओळ चोरी वाटते ती पुढे वारसाचा आधार ठरते. त्याच्या उलटही घडते. मोहिमेच्या भरात खातेदारास नीट न विचारता त्याचे नाव विम्यात घातल्याच्या तक्रारी अनेक ठिकाणी झालेल्या आहेत. संमतीवाचून हप्ता कापणे कोणत्याही बँकेस योग्य नाही. माझ्या संमतीचा अर्ज दाखवा, त्याची प्रत द्या, असे लेखी मागावे. अर्ज सापडला तर आपली आठवण ताजी होते. न सापडला तर परताव्याची मागणी भक्कम होते.

तिसरा प्रकार मजकुरावरून ओळखावा लागतो. पासबुकातील संक्षेप हे एक स्वतंत्र शास्त्रच झाले आहे. खात्यात दोन अक्षरे आणि एक लांबलचक क्रमांक छापून बँका मोकळ्या होत असत. रिझर्व्ह बँकेने २०१७ च्या जूनमध्ये बँकांना कळविले की, पासबुकातील नोंद खातेदारास समजेल इतकी स्पष्ट असावी. पैसे कोणाला, कोणत्या मार्गाने, कोणत्या कारणासाठी गेले, हे त्यात यावे. तेव्हा नोंद न समजणे ही आपली अडाणीपणाची कबुली नव्हे. ती समजावून मागणे हा खातेदाराचा हक्क आहे. साधारणपणे एसीएच किंवा ईसीएस अशी अक्षरे दिसली तर आपण दिलेल्या आदेशावरून दुसऱ्या संस्थेने हप्ता ओढला आहे. पीओएस म्हणजे दुकानातील यंत्रावर कार्ड वापरले. यूपीआय म्हणजे फोनवरून पैसे गेले. एईपीएस म्हणजे आधार क्रमांक आणि अंगठा यांवर पैसे निघाले.

दुकानाची पाटी एक आणि बँकेच्या कागदावर नाव दुसरे, असे पुष्कळदा असते. मागे माझ्या स्वतःच्या खातेउताऱ्यात एका अपरिचित बाईंच्या नावे ९०० रुपये गेल्याचे दिसले. मी तावातावाने शाखेत गेलो, अर्ज लिहून दिला. चार दिवसांनी पत्नीने आठवण करून दिली की त्याच तारखेला मुलीला चपला घेतल्या होत्या. दुकान मालकाच्या आईच्या नावे नोंदलेले होते. शाखेतील लिपिक महाशयांनी माझा अर्ज परत करताना जे स्मित केले ते मला अद्याप स्मरते. तेव्हापासून अर्ज लिहिण्यापूर्वी मी तारीख पाहतो, त्या दिवशी आपण कोठे होतो ते आठवतो आणि घरच्यांना विचारतो. हे काम दहा मिनिटांचे आहे. त्याहून अधिक वेळ मात्र घालवू नये; का, ते पुढे येईल.

तरुण मुलांच्या घरी आणखी एक प्रकार आढळतो. चित्रपट वा गाणी पाहण्या-ऐकण्याची सेवा पहिला महिना विनामूल्य म्हणून घेतली जाते आणि दुसऱ्या महिन्यापासून पैसे जाऊ लागतात. १ ऑक्टोबर २०२१ पासून अशा आवर्ती वजावटीपूर्वी किमान २४ तास आधी सूचना येणे आवश्यक झाले आहे, आणि त्याच सूचनेवरून ती थांबविण्याची सोय असावी लागते. संदेश वाचण्याची सवय मात्र हवी.

आता ज्या नोंदी यांपैकी कशातच बसत नाहीत त्यांविषयी. आपण पैसे काढले नाहीत, घरच्यांनी काढले नाहीत, कोणत्या कागदावर सही केली नाही, तरी पैसे गेले. येथे विलंब हाच शत्रू.

रिझर्व्ह बँकेने ६ जुलै २०१७ च्या परिपत्रकाने, आणि सहकारी बँकांसाठी त्याच वर्षीच्या डिसेंबरात, याबाबत नियम घालून दिले. दोष बँकेचा असेल तर खातेदारास काहीच सोसावे लागत नाही. दोष ना बँकेचा ना खातेदाराचा, कोणा तिसऱ्याचाच असेल, तर बँकेची सूचना मिळाल्यापासून तीन कामकाजाच्या दिवसांत कळविल्यास खातेदाराची जबाबदारी शून्य. सूचना मिळाल्याचा दिवस यात धरावयाचा नाही. चौथ्या ते सातव्या दिवसांत कळविल्यास साध्या बचत खात्यावर अधिकात अधिक १० हजार आणि मूलभूत बचत खात्यावर ५ हजार रुपयांपर्यंत झळ त्याने सोसावयाची. सात दिवसांनंतर मात्र त्या त्या बँकेच्या धोरणावर सोपविलेले आहे. कळविल्यापासून दहा कामकाजाच्या दिवसांत वादग्रस्त रक्कम खात्यात तात्पुरती जमा करावी आणि नव्वद दिवसांत निकाल लावावा, असेही त्यात म्हटले होते. शिवाय चूक खातेदाराची होती हे सिद्ध करण्याचा भार बँकेवर ठेवलेला होता. असे नियम वेळोवेळी सुधारले जातात; आपल्या शाखेच्या फलकावर त्यांचा चालू मजकूर पाहून ठेवावा.

आणि आपण स्वतःच गुप्त क्रमांक कोणास सांगून बसलो असलो तर? या प्रश्नावर लोक गप्प होतात. एका निवृत्त शिक्षकांनी मला अकरा दिवसांनी सांगितले. इतकी वर्षे गावाला शिकविले आणि आपणच फसलो, ही लाज त्यांना वाटत होती. त्या अकरा दिवसांत त्याच खात्यातून आणखी दोनदा पैसे गेले होते. वरील नियमातच असे आहे की, खातेदाराच्या निष्काळजीपणामुळे झालेले नुकसान बँकेस कळविण्याच्या क्षणापर्यंतचेच त्याच्या अंगावर पडते. कळविल्यानंतर जे जाईल ते बँकेचे. तेव्हा चूक आपली असली तरी, किंबहुना चूक आपली असेल तर अधिकच तातडीने, कळवावे. बँकेबरोबरच १९३० या क्रमांकावर सायबर गुन्ह्याची नोंद करावी. रक्कम पुढच्या खात्यांतून निघून जाण्यापूर्वी अडविता येण्याची शक्यता पहिल्या काही तासांतच असते.

बँकेचा दूरध्वनी क्रमांक मात्र कार्डाच्या मागील बाजूवरून वा पासबुकावरूनच घ्यावा. फोनवर शोध घेऊन मिळालेला क्रमांक भामट्यांनीच पेरलेला असण्याचा संभव असतो. "आपले कापलेले शुल्क परत करतो, आलेला अंक सांगा," असे म्हणणारा माणूस बँकेचा नव्हे. पैसे घेण्यासाठी यूपीआयचा पिन कधीही लागत नाही. तो देण्यासाठीच लागतो.

अंगठ्याच्या व्यवहाराबद्दल थोडे सविस्तर बोलतो, कारण गावात त्याचा वापर फार आहे आणि तो करणाऱ्यांत वृद्ध आणि निरक्षर यांचा भरणा अधिक. यंत्रावर अंगठा ठेवला, चालक म्हणाला ठसा लागला नाही, पुन्हा ठेवा. पुन्हा ठेवला, हजार रुपये मिळाले. खात्यातून मात्र दोन हजार गेले. पुष्कळदा हा तांत्रिक दोष असतो आणि पैसे आपोआप परत येतात. रिझर्व्ह बँकेच्या सप्टेंबर २०१९ च्या आदेशाप्रमाणे एटीएममधून नोटा न मिळता खात्यातून रक्कम वजा झाली तर पाच दिवसांत ती परत जमा व्हावी, आणि त्याहून उशीर झाल्यास दररोज १०० रुपये भरपाई न मागता मिळावी, असे आहे. पण क्वचित तो दोष यंत्राचा नसून माणसाचा असतो. प्रत्येक अंगठ्यामागे छापील पावती घ्यावी, व्यवहार न झाल्याची पावतीसुद्धा घ्यावी, एवढे आपल्या गावच्या वृद्धांना सांगणे सरपंचांना अवघड नाही. ज्यांना अंगठ्याने पैसे काढावयाचेच नसतात त्यांना आपले आधारचे ठसे कुलूपबंद करून ठेवण्याची सोय आधार प्राधिकरणाने केलेली आहे.

आणि बँकेत आपला म्हणून कोणता फोन क्रमांक नोंदलेला आहे? हा प्रश्न मी दर सभेत विचारतो. निम्म्या हातांना उत्तर येत नाही. पुतण्याचा, जावयाचा, बंद पडलेला, असे क्रमांक निघतात. सूचना तेथे जातात आणि तीन दिवसांची मुदत तेथेच धावू लागते.

किमान शिल्लक न राखल्याच्या दंडाबद्दल बोलणे भाग आहे. मुख्यमंत्री माझी लाडकी बहीण योजनेचे पहिले हप्ते २०२४ च्या ऑगस्टमध्ये खात्यांत जमा झाले, तेव्हा काही ठिकाणी बँकांनी जुनी थकबाकी म्हणून त्यातून रकमा वळत्या केल्याच्या तक्रारी आल्या, आणि तसे करू नये अशा सूचना बँकांना द्याव्या लागल्या. ज्या भगिनींनी कित्येक महिने खात्याकडे पाहिले नव्हते त्यांच्यावर हा प्रसंग आला. या दंडाबाबत १ एप्रिल २०१५ पासून नियम आहेत : शिल्लक कमी झाल्याचे खातेदारास आधी कळवावे, ती भरून काढण्यास महिन्याची मुदत द्यावी, दंड तुटीच्या प्रमाणात असावा आणि केवळ दंडामुळे खाते शून्याखाली जाऊ नये. दोन वर्षे व्यवहार न झालेल्या, म्हणजे निष्क्रिय खात्यावर १ एप्रिल २०२४ पासून हा दंड लावता येत नाही. जनधन खात्यास तर किमान शिल्लकेची अटच नाही. ज्यांचे उत्पन्न बेताचे आहे त्यांनी आपले साधे बचत खाते मूलभूत बचत खात्यात बदलून देण्याची लेखी विनंती करावी. स्टेट बँकेने बचत खात्यांवरील ही अट २०२० मध्ये काढून टाकली, पुढे आणखी काही सरकारी बँकांनीही काढली. आपल्या बँकेचे काय, हे शाखेत विचारून घ्यावे.

ग्रामपंचायतीच्या आणि शाळेच्या खात्यांविषयी दोन शब्द. वैयक्तिक खात्यातील नोंद आपण सोडून दिली तर नुकसान आपले. सार्वजनिक खात्यातील सोडली तर लेखापरीक्षणात आक्षेप निघतो आणि मग २९५ रुपयांसाठी पाच पत्रे लिहावी लागतात. रोकडवही आणि पासबुक यांचा ताळमेळ महिन्याच्या महिन्यास घातला, म्हणजे बँकेने परस्पर नावे टाकलेले शुल्क त्याच महिन्यात दिसते. वर्षअखेरीस एकदम ताळमेळ घालणाऱ्या मुख्याध्यापकांना फेब्रुवारीतील नोंदीचे कारण मार्चच्या शेवटी कसे आठवावे? मासिक सभेपुढे शिल्लक वाचून दाखविताना वजावटीही वाचाव्यात, अशी माझी सरपंचांना विनंती आहे. काही सरपंचांना ती जाचक वाटेल, याची मला कल्पना आहे.

तक्रार कशी करावी, हे थोडक्यात. तोंडी विचारणे पुरेसे नाही. साध्या कागदावर खाते क्रमांकातील शेवटची चार अक्षरे, नोंदीची तारीख, रक्कम, तिच्यापुढील मजकूर जसाच्या तसा, आणि "ही वजावट कोणत्या आधारे केली ते कळवावे; आधार नसल्यास रक्कम परत जमा करावी" एवढे लिहावे. आवेशाचे शब्द नकोत. दुसऱ्या प्रतीवर शिक्का आणि तारीख घ्यावी. पोच देण्यास कोणी कांकू करील, तर टपालाने नोंदणीकृत पाठवावे. बँकेकडून तीस दिवसांत उत्तर आले नाही, किंवा आलेले उत्तर समाधानकारक नसले, तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे जाता येते. बँकिंग लोकपाल ही व्यवस्था १९९५ पासून आहे; १२ नोव्हेंबर २०२१ रोजी तिचे एकत्रीकरण झाले. तिला फी नाही, वकिलाची गरज नाही, मराठीत लिहिलेले चालते आणि १४४४८ या क्रमांकावर माहिती मिळते. आपल्यापैकी बहुसंख्यांची खाती जिल्हा मध्यवर्ती सहकारी बँकेत आहेत. त्यांच्यासाठी हे दार पूर्वी बंद होते. १ नोव्हेंबर २०२५ पासून तेही उघडले आहे. ही बातमी गावात अद्याप फारशी पोचलेली दिसत नाही, ती आपण पोचवावी.

ज्या भगिनींची हकीकत मी प्रारंभी सांगितली त्यांना २ लाख मिळाले नाहीत, आणि नियमाने मिळणारही नाहीत. त्यांनी स्वतःच्या नावे दोन्ही विमे सुरू केले आहेत. मे महिना लागला की त्यांच्या गावच्या शाळेतील एक शिक्षिका वस्तीवर फिरतात, प्रत्येकीच्या खात्यात विम्याच्या हप्त्यांपुरते ४५६ रुपये शिल्लक आहेत की नाहीत ते पाहतात आणि नसतील तर बाजाराच्या दिवशी भरावयास सांगतात. कोणत्याही परिपत्रकात हे काम त्यांना नेमून दिलेले नाही.

अध्यक्ष महोदयांच्या अनुमतीने येथे थांबतो. ज्यांनी आज पासबुके सोबत आणली आहेत त्यांनी डाव्या बाजूच्या टेबलाकडे यावे. तक्रार अर्जाचे नमुने तेथे ठेवले आहेत. मागच्या बाकावरील आजी मघापासून पासबुक हातात धरून बसल्या आहेत, त्यांचे प्रथम पाहू.